माझा प्रतिवादी

महाडच्या कोर्टात माझ्या प्रतिवादीइतका लाडका माणूस आजवर झालेला नाही, आणि हे मी जळफळत लिहितो आहे. दावा माझा, खर्च माझा, कौतुक मात्र सगळं त्याचं. आंबेनळी घाटाखाली आमची दोघांची शेतं लागून आहेत आणि मधल्या बांधावर एक फणस आहे. तो कुणाचा, एवढाच वाद. पण हा गृहस्थ तारखेला यायचा तो लग्नाला आल्यासारखा, इस्त्रीचा सदरा घालून आणि खांद्यावर त्याच वादातले दोन फणस घेऊन.

त्यातला एक तो आधी माझ्याच घरी टाकायचा. मी शाळामास्तर, कोर्टाजवळ राहतो, त्यामुळे त्याला सोयीचं पडे म्हणे. दोनदा मागितल्याशिवाय मला चहा न देणारी माझी बायको त्याच्यापुढे पोहे ठेवून त्याच्या म्हशीची चौकशी करायची. दुसरा फणस कोर्टाच्या आवारात फुटायचा. हाताला तेल लावून तो गरे काढू लागला की पट्टेवाल्यापासून टायपिस्टापर्यंत सगळे गोळा होत. मला मात्र वकिलांनी बजावलं होतं, की तुम्ही गरा खाल्लात तर झाडावरचा त्याचा ताबा कबूल केल्यासारखं होईल. हे सांगताना त्यांच्या स्वतःच्या तोंडात दोन गरे होते. पुकारा करताना पट्टेवाला माझं नाव अर्धं गिळायचा, त्याचं आरतीसारखं लांबवायचा. माझा नुसता संताप व्हायचा.

एका तारखेला मी तापाने घरी पडलो होतो आणि वकील अलिबागला गेले होते. वादी गैरहजर म्हणून दावा काढून टाकला जाणारच होता. प्रतिवादीने फक्त गप्प उभं राहायचं होतं, फणस त्याच्याकडेच राहिला असता. पण सकाळी तो घरी येऊन मला पाहून गेला होता. हात जोडून तो न्यायाधीशांना म्हणाला, "मास्तर तापानं पडलेत, साहेब. दावा काढू नका. काढलात तर आमची दोघांची गाठ नाय पडायची."

साहेब हसले आणि पुढची तारीख मिळाली. हे कळल्यावर उपकार वाटायचे सोडून माझा ताप आणखी चढला. माझा दावासुद्धा यानेच वाचवावा?

गेल्या तारखेला तो आला नाही. गुडघे गेले म्हणून मुलाने त्याला नालासोपाऱ्याला नेलं, आता तिकडेच राहणार, असं पट्टेवाल्याने सांगितलं. वकील खूश झाले. एकतर्फी हुकूम होईल, फणस तुमचा, म्हणाले. आम्ही आवारातल्या टपरीवर चहा घेत होतो तेव्हा पुकारा झाला. वकील उठू लागले, तसा मी त्यांचा हात धरला.

"बसा," मी म्हटलं, "चहा संपवा."

दोन्ही पक्ष गैरहजर, म्हणून दावा काढून टाकण्यात आला. वकील अजून माझ्याशी धड बोलत नाहीत.

नालासोपाऱ्यात मुलाच्या इमारतीखाली एक बाक आहे आणि संध्याकाळी तो तिथे बसतो, असं ऐकलं. त्याच्या शेजारी रोज जो कुणी बसत असेल, त्याचा मला फार हेवा वाटतो.