डाव्या हाताची वेल

पेणच्या कारखान्यांत गणपतीचे डोळे आखणाऱ्याला मान असतो. पितांबराच्या काठावर वेल काढणाऱ्या बाईला कोणी विचारत नाही. अनिता ती वेल काढते. बावीस वर्षं काढते आहे, आणि डाव्या हाताने काढते.

हा हात तिच्या पाचवीलाच पुजलेला. रोह्याजवळच्या माहेरी आई जेवताना तो फडक्याने पाठीमागे बांधायची. "डाव्या हातानं जेवायचं नाय गो, देवाला फूल घालायचं नाय." शाळेतल्या बाईंनी त्याच हातावर पट्टी मोडली. अनिता उजव्या हाताने जेवायला शिकली, लिहायला शिकली. पण रांगोळीची रेघ वळवायची झाली की उजवा हात ठोंब्यासारखा अडून बसे. डावा सरसर वळे. लग्न होऊन पेणला आली, तेव्हा शेजारच्या हमिदाच्या लग्नात तिने मेंदी काढली ती डाव्यानेच. हमिदाच्या तळहातावरची कोयरी पुढे गणपतीच्या शेल्यावर आली, आणि शेल्यावरची वेल हमिदाच्या मुलीच्या तळहातावर गेली. त्याबद्दल कधी कोणाची तक्रार आली नाही.

कारखान्याचे मालक बाबाजी तसा भला माणूस. पण त्यांनीही पहिल्याच दिवशी तिला आतल्या खोलीत बसवलं. "काढ तुझ्या हातानं. पन गिऱ्हाइकाला दिसायला नको." याला ती इतकी वर्षं उपकार समजत होती. आता आठवलं की स्वतःचीच चीड येते.

यंदा बाबाजी नाहीत, पावसाळ्याआधीच वारले. आतल्या अंधारात तिला दिसेनासं झालं, म्हणून ती उजेडाला दारात येऊन बसली. आता कारखाना बघणाऱ्या बाबाजींच्या मुलाने, नितेशने, तिला तिथे बसू दिलं.

एका दुपारी वडखळकडून गाडी आली. नवरा-बायको उतरले. "डाव्या सोंडेचाच हवा बरं का," नवरा म्हणाला. "उजव्या सोंडेचं फार सोवळं असतं, आम्हाला झेपायचं नाही." मग त्याची नजर अनितावर गेली. "अहो, ही बाई देवाला डाव्या हाताने रंगवते?"

अनिताच्या तळपायाची आग मस्तकात गेली. सोंड डावी मागून घेतात आणि हात डावा चालत नाही! तिने नितेशकडे पाहिलं, तो बोलेल म्हणून.

नितेश बोलला. "आजपासून त्या आत बसतील, साहेब. तुम्ही ही मूर्ती घ्या. हिच्यावरची वेल मी काढलीय, उजव्या हातानं."

बायकोने काठाकडे वाकून पाहिलं. "काय सुंदर वळण आहे." तिने पर्समधली सुपारी काढून मूर्तीपुढे ठेवली. सुपारी ठेवली की देव त्या घरचा झाला, मग मूर्ती बदलायची नाही, अशी या कारखान्याची रीत.

अनिता उठली. हात लपवला ते तिने सोसलं होतं. काम दुसऱ्याच्या नावावर लागलेलं सोसवेना. सोनेरी रंगात बुडवलेला ब्रश तिने नितेशच्या उजव्या हातात कोंबला आणि एक कोरी मूर्ती पुढे सरकवली.

"काढ. यांच्यासमोर काढ."

"काकी, नंतर बोलू."

"आताच बोलू. बावीस वर्सं तुज्या घरात तोंड लपवून काढली मी. ही वेल तू काढलीस काय? एक पान वळवून दाखव."

नितेशने ब्रश टेकवला. रेघ थरथरली, गचका खाऊन थांबली. त्याने ब्रश खाली ठेवला.

नवऱ्याच्या लक्षात आलं. "मग आम्हाला दुसरी दाखवा."

"दुसरी बी माजीच हाय," अनिता म्हणाली. "मांडणीवरच्या सगल्या माज्याच. आनि मी इथंच बसनार."

नवरा सुपारी उचलायला वाकला, तसा बायकोने त्याचा हात धरला. "ठेवलीय आता. देवाशी असं करायचं नाही."

मूर्ती चांगली जड होती. त्याने उजवा हात पाठीला लावला, डावा खालून पाटाला दिला आणि दातओठ खात उचलली.

"डावा काढा की, साहेब," अनिता म्हणाली. "देवाला लागतोय."

तो जागच्या जागी थांबला. हात काढता येईना, आणि गाडी अजून वीस पावलं लांब होती.