मधल्या पेल्यात काही झालं नाही

माझ्यावर सगळ्यात जास्त उपकार कुणाचे, असं कुणी विचारलं तर मला आठवत बसावं लागत नाही. श्रीगोंदा तालुक्यातल्या आमच्या गावच्या हायस्कुलात विज्ञान शिकवणाऱ्या बाईंचे. आईवडिलांचं वेगळं, त्यांचे उपकार कुणी मोजत नाही. पण आमच्या घरातला पहिला पदवीधर मी झालो, आणि आज सुप्याच्या एमआयडीसीत सलाईन बनवणाऱ्या एका कारखान्याच्या लॅबमध्ये पांढरा कोट घालून उभा राहतो, ते बाईंनी शिकवलेल्या एका शब्दामुळे. तो शब्द म्हणजे 'समपरासारी'.

पुस्तकात हा शब्द दीड ओळीत उरकलेला होता. बाई दीड ओळीत उरकणाऱ्यांतल्या नव्हत्या. त्यांनी टेबलावर तीन वाट्या मांडल्या. एकीत साधं पाणी, एकीत खारट पाणी, आणि मधल्या वाटीत बेताच्या मिठाचं. तिन्हींत कच्च्या बटाट्याच्या सारख्या लांबीच्या फोडी टाकल्या. तासाभराने साध्या पाण्यातली फोड फुगून ताठ झाली, खारट पाण्यातली लुळी पडली. पातळ पडद्यातून पाणी नेहमी दाट बाजूकडे सरकतं, ह्याला परासरण म्हणायचं, हे आम्हाला कळलं. बाहेरचं पाणी आतल्यापेक्षा पातळ असेल तर ते अवपरासारी, दाट असेल तर अतिपरासारी.

"आणि मधल्या वाटीत काय झालं?" बाईंनी विचारलं.

"काही नाही, बाई," आम्ही एका सुरात ओरडलो.

"काही नाही म्हणायचं नाही," बाई म्हणाल्या. "पाणी आत जातंय आणि बाहेरही येतंय. दोन्हीकडून सारखंच, म्हणून तुम्हाला दिसत नाही. ते समपरासारी."

ही मधली वाटी जमवायला बाईंना किती खटपट करावी लागली होती, ते आम्ही पाहिलं होतं. शाळेचा तराजू मोडका. चिमटीने मीठ घालून फोड कधी फुगायची, कधी लुळी पडायची. शेवटी बाई बाजारपेठेत सोनाराच्या दुकानात गेल्या आणि त्याच्या काट्यावर लिटरला नऊ ग्रॅम ह्या हिशेबाने मीठ तोलून मागितलं. सोनाराने आधी हात जोडले, मग तोललं, आणि सवयीने पुडी लाल कागदात बांधून दिली. दुकानात पाटल्या बघायला आलेल्या बायका बराच वेळ त्या पुडीकडेच बघत होत्या म्हणे.

पुढे शिक्षण खात्याचे एक साहेब तपासणीला आले, तेव्हा बाईंनी हाच प्रयोग मांडला आणि सांगायला मला उभं केलं. पहिली वाटी बघून साहेब खूश झाले. तिसरी बघूनही झाले. मधल्या वाटीवर वाकले आणि तसेच वाकून राहिले.

"ह्यात काय झालं?"

"फोड होती तशीच राहिली, साहेब."

"म्हणजे हा बिघडला?"

"नाही साहेब, हाच जमला."

साहेब बाईंकडे वळून समजुतीच्या आवाजात म्हणाले, "पोरं हुशार आहेत. पुढच्या वेळी मधल्या वाटीतसुद्धा काहीतरी होईल असं बघा."

बाई "बरं" म्हणाल्या. साहेबांची गाडी फाटकाबाहेर गेल्यावर त्या वर्गात आल्या, मधली वाटी उचलून मला दाखवली आणि म्हणाल्या, "ही सोडू नकोस." एवढंच.

मी नगरला रसायनशास्त्र घेऊन बीएस्सी झालो. कॉलेजात सगळं इंग्रजीत. 'आयसोटॉनिक' म्हणजे आपलं समपरासारीच, हे कळायला मला बरेच दिवस लागले, आणि कळलं तेव्हा परक्या गावात ओळखीचं माणूस भेटल्यासारखं वाटलं. पदवी मिळाली, पण नोकरी मिळेना. मुलाखतीत इंग्रजी आडवं यायचं. उत्तर माहीत असायचं, पण तोंडाशी येईपर्यंत समोरचे साहेब पुढच्या प्रश्नावर गेलेले असायचे. सुप्याच्या ह्या कारखान्यातून बोलावणं आलं तेव्हा वडील म्हणाले, "ह्या टायमाला मी येतो संगं." ह्या वेळी नाही जमलं तर केडगावला मामाच्या टेम्पोवर बसायचं, हे घरात ठरलेलं होतं. टेम्पो चालवण्यात कमीपणा नाही, पण लॅबचं दार एकदा पाठीमागे लागलं की पुन्हा उघडणार नाही, हे मला कळत होतं.

आम्ही मोटरसायकलवरून गेलो. वडिलांनी मळ्यातल्या लिंबांची पिशवी बरोबर घेतली होती.

"अण्णा, मुलाखतीला लिंबं नेतात का?"

"मोकळ्या हातानं जायचं आसतंय व्हय कुणाच्या दारात?"

गेटवरच्या वॉचमनने लिंबं आत नेऊ दिली नाहीत; वडिलांनी ती त्यालाच देऊन टाकली. मग ते समोरच्या चहाच्या टपरीवर बसले, आणि मी आत गेलो.

समोर तिघे होते. प्रॉडक्शनचे साहेब, एचआरच्या मॅडम आणि लॅबचे प्रमुख, पिकल्या केसांचे एक सर. प्रॉडक्शनच्या साहेबांनी पहिलाच प्रश्न इंग्रजीत टाकला : आयसोटॉनिक म्हणजे काय?

मला आनंदाने घाम फुटला. उत्तर येत होतं. इंग्रजी वाक्याची जुळवाजुळव करायला लागलो आणि तोंडातून निघालं, "समपरासारी, सर."

एचआरच्या मॅडमनी हळूच विचारलं, "हा कुठला आजार आहे?"

"आजार नाही मॅडम, शब्द आहे."

"मराठीतच सांग," लॅबचे सर म्हणाले.

मग मी सुटलो. शिरेतून साधं पाणी दिलं तर रक्तातल्या पेशी फुगून फुटतील, फार खारट दिलं तर सुकतील. म्हणून सलाईन असं हवं की दोन्हीकडून सारखंच पाणी जाईल-येईल, पेशी होती तशी राहील. सगळं सांगितलं. प्रॉडक्शनचे साहेब खुर्चीत मागे रेलले. "म्हणजे तुझ्या म्हणण्याप्रमाणे, मी दहा वर्षं रात्रंदिवस प्लँट चालवतोय, तो काही होऊ नये म्हणून?"

"हो सर."

"हे दाखवता येईल?"

इथे शहाण्या माणसाने नाही म्हटलं असतं. मी म्हणालो, "बटाटा मिळेल का?"

कँटीनला फोन गेला. थोड्या वेळाने एक पोक्त मावशी उकडलेले बटाटे घेऊन आल्या. दुपारी वडे होते.

"उकडलेला चालत नाही," मी म्हणालो. "जिवंत पाहिजे."

"जित्ता बटाटा?" मावशींनी तिघांकडे पाळीपाळीने बघितलं. साहेब लोकांचं काही सांगता येत नाही अशा चेहऱ्याने त्या गेल्या आणि कच्चा घेऊन आल्या. आता सुरी हवी. मॅडम म्हणाल्या, ऑफिसच्या इमारतीत सुरी आणायला सेफ्टीवाल्यांची परवानगी लागते, आणि ते आज रजेवर आहेत. ह्यावर बरीच चर्चा झाली. मावशींनी ती दारात उभ्या राहून ऐकली, पुन्हा खाली गेल्या, आणि आपली विळी घेऊन आल्या. विळीबद्दल नियमात काही नव्हतं. कॉन्फरन्स रूमच्या गालिच्यावर पाट ठेवून, विळीवर पाय देऊन त्या बसल्या आणि मला म्हणाल्या, "भाजीचं चिरू का भज्याचं?"

"बोटाएवढ्या फोडी. सगळ्या सारख्या."

त्यांनी चिरल्या. प्रॉडक्शनच्या साहेबांनी खिशातली पट्टी काढून मोजल्या. लेबल वाकडं बसल्यामुळे बाजूला काढलेली सलाईनची एक बाटली लॅबमधून आली. रक्तासाठी जमवलेलं हे पाणी बटाट्यालाही बऱ्यापैकी जमतं, हे मला सोनाराच्या पुडीपासून माहीत होतं. कँटीनची मिठाची डबी मागवून तीन पेले मांडले : साधं पाणी, सलाईन, आणि मिठाचं दाट पाणी.

"आता?" मॅडम म्हणाल्या.

"आता थांबायचं."

त्यांनी मला बाहेर बसवलं आणि बाकीच्या मुलाखती सुरू केल्या. पेले टेबलावरच होते. आत जाणारा प्रत्येक उमेदवार बाहेर येऊन मला विचारायचा, "ते बटाट्याचं काय आहे? मला काही विचारलंच नाही, पण सगळे तिकडेच बघत होते." एकाने तर बाहेर आल्या आल्या मित्राला फोन करून सांगितलं, "बटाट्यावर वाचून ये."

जेवणाची सुट्टी झाली, ती संपली, आणि मला आत बोलावलं. साध्या पाण्यातली फोड काढली, ताठ, कडक. दाट पाण्यातली काढली. बोटावर वाकून लोंबली. साहेबांच्या चेहऱ्यावर कौतुक दिसायला लागलं. मग मी मधली काढली.

तीही लोंबली.

मी ती तशीच हातात धरून उभा राहिलो. मला टपरीवर बसलेले वडील दिसले, मामाचा टेम्पो दिसला, सगळ्यात शेवटी बाईंची मधली वाटी दिसली.

"ह्यात तर झालं की काहीतरी," प्रॉडक्शनचे साहेब म्हणाले. त्यांना वाईट वाटलं होतं, आणि त्याचंच मला जास्त वाईट वाटलं.

"होणार नाही, सर," मी म्हणालो. "असं होऊच शकत नाही." दुसरं काही सुचेना, म्हणून मी पेला उचलला आणि एक घोट घेतला. खारट! आमच्या आईनेही कधी केलं नसेल इतकं खारट. "ह्यात कुणीतरी मीठ घातलंय!"

मॅडमनी कपाळाला हात लावला. सरांनी मात्र पेल्याच्या तळाला बोट लावून बोटाला चिकटलेल्या मिठाच्या कणांकडे बघितलं आणि म्हणाले, "मावशींना बोलवा."

मावशी आल्या, आणि कुणी विचारण्याआधीच म्हणाल्या, "मीच घातलं की. कप उचलाया आल्ते. एका पेल्यात नुसतं पानी, ते प्यायचं आसंल. एकात मीठ बक्कळ. आन् मधल्यात बोट घालून चाखलं तर नुसतं नावाला मीठ. म्हटलं पोरगं घाबारलंय, मीठ घालायचं इसरलं. त्याची नोकरी जाईल की! म्हून मूठभर घातलं."

प्रॉडक्शनचे साहेब हसायला लागले; इतके, की चष्मा काढावा लागला. "मावशी, आमच्या सलाईनला अळणी म्हणता?"

"अळनीच हाय, सायेब. आजारी मानसाला देत्यात म्हून चालतंय."

"पुन्हा करा," सर म्हणाले. "आणि मावशी, तुम्ही इथेच बसा. राखण करा. स्वतःपासून."

मावशींनी नवा बटाटा चिरला आणि पेल्यासमोर, हात मांडीखाली दाबून, खुर्चीच्या कडेला बसल्या. मधून मधून त्यांची नजर मिठाच्या डबीकडे जायची आणि सर खाकरायचे. शिफ्ट सुटली. कुठून बातमी पसरली कुणास ठाऊक, पॅकिंगचे कामगार घरी जायचं सोडून काचेच्या दाराबाहेर जमा झाले. पाठीमागचा पुढच्याला विचारत होता, "काय झालं?" आणि पुढचा सांगत होता, "अजून काही नाही." हे मी इतक्या वेळा ऐकलं की मला धीर यायला लागला.

शेवटी फोड काढली. सरांनी मावशींकडून एक ताजी फोड मागून घेतली आणि दोन्ही शेजारी ठेवल्या. लांबी सारखी. वाकवून पाहिल्या, वाकणंही सारखं. साहेबांनी पट्टी लावली, मग दाराकडे तोंड करून मोठ्याने जाहीर केलं, "काही झालं नाही!"

बाहेर टाळ्या वाजल्या. आपण कशाला टाळ्या वाजवतोय हे त्यातल्या फार थोड्यांना माहीत असावं.

"काही झालं नाही म्हणायचं नाही, सर," माझ्या तोंडून गेलं. "आत जातंय आणि बाहेरही येतंय. सारखंच, म्हणून दिसत नाही."

लॅबचे सर माझ्याकडे वळले. "हे कुणी शिकवलं?"

"आमच्या बाईंनी."

"बरं शिकवलं. पण ह्यापुढे माझ्या लॅबमध्ये काहीही तोंडात घालून बघितलंस, तर त्याच दिवशी घरी पाठवीन."

मी घाबरून "हो सर" म्हणालो आणि बाहेर आलो. 'माझ्या लॅबमध्ये' आणि 'ह्यापुढे' ह्यांचा अर्थ गेटपर्यंत चालत गेल्यावर माझ्या डोक्यात शिरला. वडील टपरीवरून उठून उभे राहिले होते.

"काय झालं रं?"

मी तोंड उघडणार, तेवढ्यात वॉचमननेच लांबून ओरडून सांगितलं, "काही झालं नाही, बाबा! लई भारी झालं!"

वडिलांनी त्याच्याकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं. मग वॉचमनकडे जाऊन त्याला म्हणाले, "दिलेली लिंबं डोक्याला चोळून बगा, गुन येईल."

नोकरीचा पहिला महिना झाल्यावर मी बाईंना पत्र लिहिलं. त्या आता निवृत्त होऊन श्रीगोंद्यात राहतात. फोन करता आला असता, पण फोनवर मला रडू आलं असतं.

"आदरणीय बाई,

इथूनच तुमच्या पाया पडतो आणि मग लिहायला घेतो. मला नोकरी लागली. सलाईन समपरासारी आहे की नाही, हे तपासायचं काम आहे. तुमची मधली वाटी इथे हजारो बाटल्यांत भरून जाते. माझा दिवस चांगला गेला म्हणजे त्यात काही झालं नाही, असं समजावं.

मशीन एका मिनिटात आकडा सांगतं, सोनाराकडे जावं लागत नाही. पण आकडा बरोबर आला की मी मनात तुमचं वाक्य म्हणतो, नाहीतर मला खरं वाटत नाही. लॅबमध्ये सगळे आता तुमचाच शब्द वापरतात. कँटीनच्या मावशी आमटीला मीठ नेमकं पडलं की 'आज समपरासारी हाय' म्हणतात. ते शास्त्राला धरून नाही, पण मी अजून त्यांना सांगितलेलं नाही. त्यांनी माझ्यासाठी मूठभर मीठ घातलं होतं. ती गोष्ट भेटीत सांगेन.

बाई, ते तपासणीचे साहेब मधल्या वाटीला बिघडलेली म्हणाले, तेव्हा तुम्ही फक्त 'बरं' म्हणालात. तुम्हाला किती लागलं असेल ते मला त्या वयात समजलं नाही. मुलाखतीत लोंबणारी फोड हातात धरून उभा होतो तेव्हा समजलं. म्हणून हे पत्र. ती वाटी मी सोडली नाही.

वडिलांनी एसटीने लिंबांची पिशवी पाठवली आहे, स्टँडवरून मागवून घ्या. लोणचं घालाल तर मीठ सढळ हाताने घाला. लोणच्याला अतिपरासारीच लागतं, हेही तुम्हीच शिकवलं होतं.

तुमचा विद्यार्थी"