सायबांचा बॉल

सणसरला मेव्हण्याच्या गोठ्यात वैरणीवर जुना फ्लेक्स टाकलाय. उन्हात तापलेल्या त्या प्लास्टिकचा वास नाकात गेला आणि हात जोडून हसणारे साहेब दिसले. खाली कोपऱ्यात, नखाएवढा, काँगोचा तो फुटबॉलपटू.

साहेबांच्या वाढदिवसाच्या स्पर्धेला त्याला शोभेसाठी आणला होता. तीन देशांत बचावपटू म्हणून खेळलेला, गुडघा गेल्यावर पुण्यात पोरांना शिकवणारा माणूस. स्टेजवर साहेबांनी विचारलं, "किती गोल मारलं ह्यानं?" एकही नाही, हे कळल्यावर म्हणाले, "मग आणला कशाला?" सगळं स्टेज खदाखदा हसलं. साहेब हसले की हसायचं, एवढीच त्यांची अक्कल.

मग उद्घाटनाचा गोल. गोलकीपरला बाजूला व्हायला आधीच सांगून ठेवलं होतं. पांढऱ्याशुभ्र कपड्यांत साहेब बॉल ढकलत निघाले, फोटोवाले मागं पळाले. या पाहुण्याला मात्र कुणी काहीच सांगितलं नव्हतं. तो शांतपणे पुढं आला आणि त्यानं साहेबांच्या पायातून बॉल अलगद काढून घेतला. साहेब हवेत लाथ मारून मातीत बसले.

"आरं, सायबांचा बॉल हाय त्यो!" एक कार्यकर्ता किंचाळला.

"मेरा काम है," तो म्हणाला आणि साहेबांना उठवायला त्यानं हात पुढं केला.

तेव्हा मी पोट धरून हसलो होतो. आज हसू येत नाही. आम्ही इथले सगळे त्या गोलकीपरसारखे बाजूलाच होत आलो. साहेबांना अडवणारा एकच माणूस मी पाहिला, आणि तोही काँगोहून यावा लागला.