कोऱ्या कोपऱ्याचं पत्र

झाशीतल्या पाच प्रतिष्ठित मराठी माणसांनी माझ्या बहिणीला फसवलं. तिची तीन स्थळं त्यांनी मोडली आणि कुणी मोडली याचा तिला पत्ताही लागू दिला नाही. हे आधीच सांगून टाकतो, म्हणजे मी आडून बोलतोय असं कुणी म्हणायला नको.

आमचे वडील आचारी. या पाचही घरांच्या मुंजी-लग्नांच्या पंगती त्यांच्या हातच्या. मी सायकलवर भांडी विकत फिरलो आणि तिशीच्या आत दतिया गेटला स्वतःचं दुकान घातलं. घासाघीस हाच माझा धंदा. गिऱ्हाईक पातेलं वाजवून बघतं, खूश होऊन जातं आणि दुसऱ्या दिवशी फिरकतच नाही, तेव्हा मधे कुणीतरी त्याच्या कानाला लागलेलं असतं, एवढं मला कळतं.

बहिणीच्या बाबतीत तेच. सागरचे बघून गेले, इंदूरचे बघून गेले. दोघांचं उत्तर एकच, पत्रिका जुळत नाही. मी गप्प बसलो. मग ग्वाल्हेरचा मुलगा आला, शाळामास्तर. दोघं अंगणात तासभर बोलत बसली. पाहुणे गेल्यावर ती म्हणाली, "दादा, चहा बशीत ओतून फुर्रर्र करतो रे. पण बरा आहे." एरवी ही बया मला दुकानात येऊन चार गिऱ्हाइकांसमोर सुनावायची. त्या दिवशी खाली बघत बोलली.

पंधरा दिवसांनी ग्वाल्हेरचं कार्ड आलं. पत्रिका जुळत नाही! आम्ही पत्रिका दिलीच नव्हती. त्यांनीच नको म्हटलं होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळच्या गाडीनं मी ग्वाल्हेर गाठलं. मुलाचे वडील मला दारात बघूनच गडबडले. "नकार घेऊन जातो," मी म्हटलं, "पण खरं कारणही घेऊन जातो. तोवर इथंच बसणार." दुपारपर्यंत बसलो. शेवटी त्यांनी एक पत्र माझ्यापुढे टाकलं. आमच्याविषयी चौकशी केली, त्याचं झाशीहून आलेलं उत्तर होतं ते.

"वाचा तुम्हीच. एक वाईट शब्द नाही."

खरंच नव्हता. घर सालस, मुलगी हुशार, भाऊ कर्तबगार.

"मग अडलं कुठं?"

मुलाची आई आतून तणतणत आली. "अहो, कोपरा बघा ना! कुंकू लागलंय का कुठं? झाशीच्या पत्राला कुंकू नसलं तर काय समजायचं, हे मला सासूबाईंनी शिकवलंय."

चारही कोपरे कोरे होते.

झाशीला उतरलो तो थेट प्रेम नगरला, ते पत्र लिहिणाऱ्या म्हाताऱ्याच्या घरी. त्या दिवशी चतुर्थी होती. दर चतुर्थीला हे पाचजण दार लावून पंचांग वाचतात, असं आम्ही लहानपणापासून ऐकत आलो होतो. दार मी ढकललं. मधे पंचांग नव्हतं. पोस्टाची पाकिटं होती आणि एक कुंकवाचा करंडा.

म्हातारा जरासुद्धा लाजला नाही. "सत्तावनच्या गदरानंतरची रीत आहे बेटा. तेव्हा इंग्रज पत्रं फोडून वाचायचे. कुणाच्या घरी यावं, कुणाच्या नाही, हे शाईनं लिहिता येत नव्हतं. मोठ्यांनी कुंकवावर भागवलं."

"आता कोणता गोरा पत्रं फोडतोय काकाजी?"

"आवाज कमी. तुझ्या बहिणीविरुद्ध एक अक्षर लिहिलंय आम्ही? दाखव."

दुसरा सुपारी कातरत होता. "अरे भैया, तू तो दुकानदार है, तुला काय समजवायचं? इकडे आपली चांगली मुलं किती? हाताच्या बोटांवर. आधी घरच्या मुली, मग बाकीच्या."

म्हणजे व्यापाऱ्यांचं साटंलोटं! लिलावाआधीच आपसात वाटून घेतात, तसं. मी विचारलं, "आणि आम्ही कोण? आम्ही घरचे नाही?"

म्हातारा हसला. "तुझ्या वडिलांच्या हातचा मसालेभात... वा!"

मी त्याच्यावर हात उचलला नाही, याचा मला आजही पश्चात्ताप होतो.

सहा महिन्यांत ग्वाल्हेरच्या मास्तराचं लग्न झालं. सुपारीवाल्याच्या पुतणीशी.

बहिणीला मी सगळं सांगितलं. तिनं शांतपणे ऐकलं आणि म्हणाली, "आता मला बघायला कुणाला आणू नकोस." मी दोनदा प्रयत्न केला. दोन्ही वेळा ती मागच्या दारानं निघून गेली. पुढे शाळेत लागली आणि तिथूनच निवृत्त झाली. तो मास्तर बरा होता, हे मात्र तिनं कधी नाकारलं नाही.

मी समाजात घरोघर जाऊन सांगितलं. सगळ्यांचं उत्तर ठरलेलं, "पत्रात तर स्तुतीच आहे ना?" आमच्या एका पाहुण्यानं तर मलाच सुनावलं, फार आकांडतांडव करतोस.

पाचातले चौघे गेले. सुपारीवाला आहे. दरवर्षी गणेशोत्सवात त्याला शाल-नारळ देतात, समाजाचा आधारवड म्हणतात. लोक मला सांगतात, वय झालंय त्यांचं, सोडून दे. वय माझ्या बहिणीचंही झालंय.

तेव्हा सुपारीवाले काकाजी, यंदा शाल घ्यायला मंचावर चढाल तेव्हा माइक हातात घ्या. तिची तीन स्थळं आम्ही मोडली आणि कशासाठी मोडली, ते तिच्याकडे बघून सगळ्यांसमोर सांगा. मी तिला विचारलंय. ती येणार आहे, पहिल्या रांगेत बसणार आहे. बोला.