मेंढ्याच्या साक्षीचा एकर

वांगेचीला कोणी फसवलं नाही, हे आधीच सांगून टाकतो. फसवलं असतं तर परवडलं असतं. निदान कोणाच्या तरी नावानं बोटं मोडता आली असती.

करातिनाच्या बाजारात जुन्या कपड्यांचे गठ्ठे फोडून विकण्यात बाईची हयात गेली. नवऱ्यानं हाकललेली, भावांनी दारात उभी न केलेली. स्वतःच्या मातीत घर बांधायचं आणि तिथेच डोळे मिटायचे, एवढा एकच हट्ट. पोटाला चिमटा काढून तिनं गाथोगोकडून एक एकर घेतला. व्यवहार अगदी रीतसर झाला. म्हाताऱ्यांनी हद्दीवर लिलीची रोपं लावली, मेंढा कापला, गाथोगोच्या बायकोनं, मुथोनीनं, तो रांधला आणि अख्ख्या गावानं बोटं चाटली.

सरकारची रीत मात्र वेगळी. शेतजमीन विकली की सहा महिन्यांच्या आत दोन्ही बाजूंनी जमीन मंडळापुढे उभं राहून संमती घ्यायची. विकणाऱ्याची बायको नको म्हणाली तर विक्री अडते, आणि मंडळापुढे गेलंच नाही तर करार मेला. वांगेचीला हे ठाऊक होतं. पण ज्याच्याबरोबर एका मेंढ्याचं मटण खाल्लं, त्यालाच "चल, आता साहेबापुढे बोल" कसं म्हणायचं? शोभतं का ते? तिनं घर बांधलं, चहाची झाडं लावली आणि गप्प बसली.

काही वर्षांनी बांधाला लागून डांबरी रस्ता आला आणि गाथोगोला कायदा आठवला.

"तुझे पैसे परत घे, बाई," तो म्हणाला.

"घेऊन काय करू, दादा? तेवढ्यात आता इथे कोंबड्यांचं खुराडं बसायचं नाही."

"मग मी काय करू? रस्ता काय मी आणला?"

कोर्टात खोटं कोणीच बोललं नाही. म्हाताऱ्यांनी मेंढ्याचा रंगसुद्धा बरोबर सांगितला. गाथोगो तर शपथेवर म्हणाला, "विकली साहेब, पैसे घेतले, मटणही खाल्लं. चांगलं झालं होतं." न्यायाधीशांनी सगळ्यांवर विश्वास ठेवला आणि निकाल दिला: संमती नाही, म्हणून करार नाही. गाथोगोनं घेतलेले पैसे परत करावेत, वांगेचीनं जमीन सोडावी. एवढ्या खरेपणाचं हे फळ! ऐकून माझं तर डोकंच फिरलं होतं.

आता गाथोगोकडे रोकड कुठली? ती केव्हाच खाऊन झालेली. म्हणून तोच एकर नैरोबीच्या एका गिऱ्हाइकाला विकायचा आणि त्यातून वांगेचीला फेडायचं, असं ठरलं. गिऱ्हाईक पक्कं. आधी मंडळ, मग पैसे, म्हणालं.

मंडळाच्या बैठकीला गाथोगो नवा कोट घालून आला. शेजारी मुथोनी. वांगेची मागच्या बाकावर बसली होती. घरातली भांडीकुंडी तिनं आदल्या दिवशीच बांधून ठेवली होती.

साहेबांनी कागद वाचला आणि मान वर न करता विचारलं, "मावशी, ही जमीन विकायला तुमची संमती आहे?"

"आहे की."

साहेबांनी पेन उचललं. गाथोगोनं कोट सारखा केला.

"वांगेचीला विकायला आहे," मुथोनी म्हणाली. "मेंढा रांधला तेव्हापासून आहे. मला कोणी विचारलंच नाही."