वलवणची सीता

घरंदाज बायका पडद्याच्या नावानं नाक मुरडत, तेव्हा आमच्या सिनेमाला सीता मिळाली ती इराणातून आलेली यहुदी. मूकपटात बाई नुसत्या हात जोडून उभ्या राहिल्या, तरी थिएटरात नारळ फुटायचे. मग बोलपट आले आणि त्यांना शुद्ध मराठी शिकवायला मला नेमलं.

पण लोणावळ्याजवळच्या वलवण गावात राहून बाई मराठी आधीच शिकल्या होत्या, दूध घालणाऱ्या मावशीकडून. मी महिनाभर घसा कोरडा केला. बाई पदराचं टोक बोटाला गुंडाळत मान डोलवायच्या.

शूटिंगला वलवणच्या धरणाकाठी सारं गाव लोटलं. बाईंनी पदर गुंडाळला, डोळ्यांत पाणी आणलं आणि म्हणाल्या, "आर्यपुत्र, कुटं गेलता वो?"

गावानं टाळ्या वाजवल्या, डायरेक्टरांनी कपाळाला हात लावला. मी रागावलो, तर बाई शांतपणे म्हणाल्या, "मास्तर, सीता काय पुन्याची व्हती व्हय?"

अखेर काम पुण्याच्याच एका मुलीला मिळालं. लोणावळ्यात तंबूत बोलपट लागला, तेव्हा दूधवाल्या मावशी माझ्या शेजारीच बसल्या होत्या. नवी सीता अस्खलित बोलू लागली. मी सुखावलो. मावशी बराच वेळ कान देऊन ऐकत राहिल्या, मग हळूच म्हणाल्या, "मास्तर, ही बाई कुटल्या देशाची?"