कोणी पाहिलं?

चष्मा काढायचा, सदऱ्याच्या टोकाने पुसायचा, परत डोळ्यांवर चढवायचा आणि समोरचा माणूस आत्ताच कुठेतरी चोरी करून आला आहे अशा नजरेने त्याला न्याहाळत विचारायचं, "कोणी पाहिलं?" आमच्या प्रशिक्षक सरांचं मला झालेलं पहिलं दर्शन हे असं. निमित्त इतकंच होतं की शिपायाने चहा आल्याचं सांगितलं होतं. शिपाई बिचारा बाहेर जाऊन खरंच चहा आलाय का ते बघून आला, तेव्हा कुठे सर खुर्चीतून उठले.

मी बनारसच्या आपत्ती नियंत्रण कक्षात वायरलेस आणि फोन सांभाळते. कुठे नाव उलटली, कुठे पायऱ्यांवर चेंगराचेंगरी झाली की पहिली बातमी माझ्या कानावर येते. मग पोलीस, जलपोलीस, अग्निशमनवाले, ॲम्ब्युलन्सवाले आणि मल्लाह, म्हणजे इथले नावाडी, असे सगळे धावतात. धावतात मनापासून, पण प्रत्येकजण आपापल्या साहेबाचं ऐकतो. या सगळ्यांना एका हुकुमाखाली काम करायला शिकवण्यासाठी सरांना आणलं होतं. ते भुसावळकडचे, रेल्वेतून निवृत्त झालेले. अपघाताच्या जागी जाणाऱ्या मदतगाडीवर त्यांनी सारी नोकरी काढली होती.

त्यांचा पहिला नियम असा: जो आधी पोचेल त्याने नारिंगी जॅकेट घालायचं आणि तोच कमांडर. मग तो शिपाई का असेना. मोठा अधिकारी आला तर त्याने जॅकेट मागून घ्यायचं आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं सांगायचं की आता हुकूम माझा. आमच्या इन्स्पेक्टरसाहेबांना हे पचायला पंधरा दिवस लागले. ते उंचेपुरे, मिशीवाले गृहस्थ. कारकुनाच्या हुकुमाने चालायचं या कल्पनेनेच त्यांना घाम फुटायचा.

मला मात्र सरांबद्दल वेगळाच संशय होता. हा माणूस शिकवायला आलेला नाही, आमच्यात कामचुकार कोण ते हेरायला वरून पाठवलेला आहे, असं माझं ठाम मत होतं. संध्याकाळी ते घाटाघाटांवर एकटे फिरायचे, नावांमधली लाइफ जॅकेटं हाताने ओढून बघायचे. माझ्या कक्षात येऊन बसायचे आणि मी फोनवर काय बोलते ते ऐकायचे. मी कुणाला म्हटलं की गाडी निघाली आहे, की मागून प्रश्न आलाच. तुमच्याही कचेरीत असा एखादा असेल. त्याच्यासमोर खरं बोलतानासुद्धा आपण खोटं बोलतोय असं वाटायला लागतं.

एकदा ते न सांगता-सवरता रामघाटावर आमच्या घरी आले. माझे वडील, अण्णा, वेदपाठशाळेत शिकवतात. सरांनी त्यांना विचारलं की पूर आला तर विद्यार्थी कुठल्या जिन्याने बाहेर काढाल आणि सगळे निघाले हे कसं कळेल. अण्णा म्हणाले, हाक मारली की सगळे 'ओ' देतात. सर म्हणाले, 'ओ' एकाला दोनदाही देता येते. अण्णा मोठ्याने हसले. आईने पिठलं-भात वाढला आणि सांगितलं की मीठ बरोबर आहे. मी मनात म्हटलं, आता झालं.

"कोणी पाहिलं?" सर म्हणाले.

"मीच टाकलं, मीच चाखलं. आता बिना शक जेवा," आई म्हणाली.

सर एकदम खूश झाले. "बघा बाई," ते मला म्हणाले, "याला उत्तर म्हणतात." आणि त्यांनी तीनदा भात घेतला. ते गेल्यावर अण्णा म्हणाले की माणूस संशयी आहे, पण वाईट नाही. मला ते काही पटलं नाही.

मग अहिल्याबाई घाटावर पहिली मोठी कवायत झाली. नाव उलटली असं समजायचं आणि बारा खोट्या जखमींना बाहेर काढायचं. सगळं फक्कड झालं. जलपोलिसांच्या यादीत पाच, मल्लाहांकडे तीन, ॲम्ब्युलन्सवाल्यांकडे चार. बारा भरले. लोक एकमेकांच्या पाठी थोपटायला लागले. सरांनी चष्मा पुसला आणि काहीही न बोलता घाटावरच्या एका छत्रीकडे बोट केलं. तिथे छत्रीखाली आमच्या बारा जखमींपैकी एक जाडजूड होमगार्ड निवांत दाढी करवून घेत बसला होता. शेजारून सगळी पथकं धावत गेली होती. जलपोलिसांनी बाहेर काढलेला एक माणूस ॲम्ब्युलन्सवाल्यांनी आपल्याही यादीत धरला होता, म्हणून बेरीज जुळली होती.

"हिसाब पूरा, आदमी गायब," सर म्हणाले. ते ओरडले नाहीत. त्यांचा आवाज जरा बसला होता, एवढं मला आठवतं.

त्या दिवसापासून प्रत्येक कवायतीत ते एकाला गुपचूप लपवायचे. आम्ही सगळे महासंशयी झालो. इन्स्पेक्टरसाहेब तर जखमींच्या तोंडावरचं पांघरूण काढून चेहरा बघायचे आणि मगच मोजायचे. सरांनी पुढे आणखी एक गोष्ट लावून दिली. नुसते जखमी मोजायचे नाहीत, मदतीला गेलेलेही मोजायचे. प्रत्येकाला कोणीतरी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिल्याशिवाय कमांडरने काम संपलं म्हणायचं नाही, पाठीमागे कोणीही घाई करो.

शेवटची कवायत राजा घाटावर होती. पूर नुकताच ओसरला होता, खालच्या पायऱ्यांवर गुडघाभर गाळ होता. बघायला मोठे साहेब येणार होते. सकाळी सरांनी जॅकेट माझ्या हातात दिलं आणि म्हणाले, "आज तुम्ही." आता मात्र संशयच उरला नाही. साहेबांसमोर माझी फजिती करायची आणि अहवालात माझं नाव लिहायचं, यासाठीच हा सगळा खटाटोप. नियंत्रण कक्षातली माझी खुर्ची जाणार असं मी धरूनच चालले.

पण कवायत सुंदर झाली. वीसच्या वीस जखमी मिळाले. लपवलेलाही सापडला, तो नावेच्या खाली होता. इन्स्पेक्टरसाहेबांनी सगळ्यांदेखत माझ्याकडून हुकूम घेतला आणि 'जी मैडम' म्हटलं. मोठ्या साहेबांनी टाळ्या वाजवल्या, चहा मांडला गेला, फक्त मी वायरलेसवर काम संपल्याचं सांगायचं बाकी होतं. मदतवाल्यांची मोजणी घेतली. सगळ्यांची माणसं भरली. मग माझ्या लक्षात आलं की सर कुठे दिसत नाहीत.

ॲम्ब्युलन्सवाले म्हणाले, ते जलपोलिसांच्या नावेत आहेत. जलपोलीस म्हणाले, ते अग्निशमनवाल्यांबरोबर वर गेले. अग्निशमनवाल्यांनी सांगितलं की ते तर ॲम्ब्युलन्सपाशीच आहेत. तिघांनीही त्यांना आपल्या मनात मोजून टाकलं होतं.

मी वायरलेसवर विचारलं, "किसने देखा?"

कोणीच पाहिलं नव्हतं.

माझं डोकं फिरलं. म्हणजे आज हे स्वतःच लपून बसले होते! मोठे साहेब चहा घेऊन ताटकळत आहेत आणि म्हातारा कुठल्यातरी आडोशाला बसून घड्याळ बघतोय. साहेबांच्या माणसाने येऊन मला दोनदा सांगितलं की आता आटपा. मी नाही म्हटलं. खरं सांगते, त्यात काळजी नव्हती. मला फक्त त्यांना पकडायचं होतं. सगळी पथकं मी पुन्हा कामाला लावली आणि स्वतः गाळ तुडवत बुरुजाच्या मागे गेले.

ते तिथे होते. शेवटच्या कोरड्या पायरीवर, भिंतीला टेकून, एक पाय पाण्यात. मला हसूच आलं.

"पकडलं, सर," मी म्हटलं.

त्यांनी मान वळवली नाही. जवळ गेले तेव्हा दिसलं की तोंड एका बाजूला ओढलं गेलं आहे आणि चष्मा गाळात पडला आहे. माझे ते दोन शब्द आजही मला झोपेतून उठवतात.

पुढचं सगळं त्यांनी शिकवलं होतं तसंच झालं. नाव कुणाची, स्ट्रेचर कुणाचं, रस्ता कोणी मोकळा करायचा, काही विचारावं लागलं नाही. दोन दिवसांनी इस्पितळात गेले तेव्हा ते अर्धवट बोलत होते. मला वाटलं, आभार मानतील. त्यांनी विचारलं, "किती वेळ?" मी म्हटलं, तुम्हाला शोधायला एकोणीस मिनिटं. त्यांनी डोळे मिटून घेतले, नापास पोराचा पेपर बघितल्यासारखे. मग चांगला हात उचलून माझ्या मनगटावर ठेवला आणि बराच वेळ तसाच राहू दिला. तो हात तिथे असताना मला पहिल्यांदा कळलं की या माणसाचा संशय कधीच आमच्यावर नव्हता. 'सगळे आले' या वाक्यावर होता. मी मात्र वर्षभर त्यांच्यावरच संशय घेत बसले, आणि याची मला लाज वाटते.

त्यांची मुलगी येऊन त्यांना भुसावळला घेऊन गेली. चष्मा मी धुऊन तिच्याकडे दिला.

परवा मोबाइलवर आमच्या सगळ्यांच्या ग्रुपवर बातमी आली की सर गेले. अग्निशमनमधल्या एकाने कुणाकडून तरी ऐकलं होतं. लगेच खाली हात जोडलेल्यांची रांग लागली. जलपोलीस, ॲम्ब्युलन्सवाले, मल्लाहांचा म्होरक्या, सगळ्यांनी श्रद्धांजली वाहिली. मग इन्स्पेक्टरसाहेबांचा संदेश आला, "किसने देखा?"



मी भुसावळला फोन लावला. मुलीनेच उचलला. मी काही विचारायच्या आधीच ती म्हणाली, "मी पाहिलं, ताई. मी जवळच होते."

फोन ठेवल्यावर मी इन्स्पेक्टरसाहेबांच्या प्रश्नाखाली दोनच शब्द लिहिले: "बेटी ने।"